जंटलमनच्या चांगुलपणाचा खर्च

अंटार्क्टिकात केप इव्हान्सच्या किनाऱ्यावर एक लाकडी झोपडी अजून उभी आहे. पन्नास फूट लांब, पंचवीस फूट रुंद. 1911 साली कॅप्टन स्कॉटच्या दक्षिण ध्रुव मोहिमेतली पंचवीस माणसं तिथे राहत होती. बाहेर हाडं गोठवणारी थंडी, हिवाळ्यात चार-चार महिने सूर्याचं दर्शन नाही, जवळचं गाव म्हणावं तर समुद्रापलीकडे न्यूझीलंडात. आणि अशा जागी, एवढ्याशा झोपडीत, सामानाची खोकी एकावर एक रचून आडवी भिंत घातलेली होती. भिंतीच्या एका अंगाला सोळा अधिकारी आणि शास्त्रज्ञ, दुसऱ्या अंगाला नऊ खलाशी आणि चाकरीची माणसं. चूल खलाशांच्या बाजूला होती, एवढाच काय तो न्याय.

ध्रुवावरून परतताना या मोहिमेतली पाच माणसं मेली. त्यांतल्या लॉरेन्स ओट्सचं मरण दंतकथा होऊन बसलं. पाय गोठून निकामी झालेले, आपल्यामुळे बाकीच्यांची चाल मंदावतेय हे त्याला दिसत होतं. मार्च 1912 मधल्या एका सकाळी, वादळ घोंघावत असताना, तो तंबूतून उठला, ‘जरा बाहेर जाऊन येतो, वेळ लागेल कदाचित’ एवढंच म्हणाला आणि गेला तो गेलाच. स्कॉटने डायरीत लिहिलं की हे शूर माणसाचं आणि इंग्लिश जंटलमनचं कृत्य होतं. ओट्स ईटन या बड्या घरच्या मुलांच्या शाळेचा विद्यार्थी, घोडदळातला कॅप्टन. मोहिमेत सामील होण्याआधी त्याची पलटण आपल्या मध्य भारतातल्या महूच्या छावणीत होती, आणि मोहिमेच्या निधीत त्याने पदरचे एक हजार पौंड घातले होते.

त्याच्या महिनाभर आधी एडगर इव्हान्स मेला होता. वेल्समधला खलाशी, पाच जणांत अंगापिंडाने सगळ्यांत दांडगा. वर्षभराने बातमी लंडनला पोहोचली तेव्हा काही शहाण्यांनी असा तर्क लढवला की इव्हान्स आधी कोसळला याचं कारण त्याचं तोकडं शिक्षण. सुसंस्कृत मनाला संकटात जो आधार मिळतो तो त्याच्यापाशी नव्हता. थंडी तीच, उपासमार तीच. एकाच्या मरणाचं श्रेय त्याच्या वर्गाला मिळालं, दुसऱ्याच्या मरणाचा ठपका त्याच्या वर्गावर आला.

ओट्सचं धैर्य खोटं होतं असं मला मुळीच म्हणायचं नाही. तसं मरायला छाती लागते. पण खोक्यांची ती भिंत विसरून ओट्सची गोष्ट सांगायची, ही आपली सवय झाली आहे. आपल्याकडे अजूनही कौतुकाने ‘अगदी जंटलमन माणूस’ म्हणतात. उसने पैसे मागायच्या आत परत करणारा, सोसायटीच्या मीटिंगमध्ये आवाज न चढवणारा, दिलेला शब्द पाळणारा. या आदर्शातले गुण आपण हौसेने मोजतो. त्या गुणांचा खर्च कुणी सोसला हे विचारत नाही. आणि हा काही नुसता इंग्रजांच्या इतिहासातला कुतूहलाचा विषय नाही. सार्वजनिक कारभार भल्या माणसाच्या शब्दावर सोडावा की कागदावर पक्का लिहून घ्यावा, हे आपलं रोजचं भांडण आहे.

शब्दाच्या मुळाशी लॅटिन ‘जेन्स’ आहे, म्हणजे कुळ. जंटलमन म्हणजे आपल्या भाषेत सरळ कुळवंत. आणि या कुळवंताला पहिला टोलाही इंग्रजीतच, फार पूर्वी बसला. 1381 च्या शेतकऱ्यांच्या बंडात जॉन बॉल नावाच्या फिरत्या पाद्र्याने विचारलं होतं: आदाम जमीन खणत होता आणि हव्वा सूत कातत होती, तेव्हा जंटलमन कोण होता? त्याच वर्षी त्याला फाशी देऊन त्याच्या देहाचे तुकडे करण्यात आले. पुढे 1413 च्या एका कायद्याने दावा लावताना प्रतिवादीचा दर्जा किंवा धंदा लिहिणं सक्तीचं केलं, आणि ज्याला धड सरदार म्हणता येत नाही आणि शेतकरीही म्हणवत नाही अशा माणसाच्या नावापुढे ‘जंटलमन’ हा शब्द कोर्टाच्या कागदावर पडू लागला.

पण कुळ म्हणजे तरी काय? सोळाव्या शतकात सर थॉमस स्मिथ या मुत्सद्द्याने स्वच्छ लिहून ठेवलंय की इंग्लंडात जंटलमन स्वस्तात तयार होतात. जो हाताने काम न करता जगू शकतो आणि जंटलमनचा थाट व खर्च पेलू शकतो, त्याला लोक जंटलमन म्हणणार. कुळाचं चिन्ह हवं तर पैसे भरून मिळे. स्ट्रॅटफर्डच्या हातमोजे शिवणाऱ्या जॉन शेक्सपिअरला 1596 मध्ये ते मिळालं. त्याचा मुलगा तोवर लंडनच्या रंगभूमीवर नाव आणि पैसा कमावत होता. काही वर्षांनी एका मत्सरी भाटाने (कुळचिन्हांच्या दप्तरातल्या अधिकाऱ्यांना दुसरं काय म्हणायचं?) तक्रार केलीच की असल्या नाटक्यांना कसली चिन्हं वाटता.

जंटलमनचं भाषांतर आपण ‘सद्गृहस्थ’ असं करतो, याची मला नेहमी गंमत वाटत आली आहे. गृहस्थ म्हणजे ज्याच्या डोक्यावर घराचा भार आहे, जो कमावतो आणि चार तोंडं पोसतो. इंग्लिश जंटलमनची व्याख्या नेमकी उलटी: ज्याला कमवावं लागत नाही तो. खरा प्रतिशब्द आपल्यापाशी वेगळाच आहे, तो म्हणजे पांढरपेशा. ज्याच्या कपड्याला माती लागत नाही आणि ज्याच्या हाताला घट्टे नाहीत. हा शब्द आपण कौतुकाने वापरत नाही, यात मराठीचा शहाणपणा आहे.

एकोणिसाव्या शतकात कारखानदारांकडे जमीनदारांपेक्षा जास्त पैसा आला आणि जंटलमनला नवा मुलामा हवा झाला. तो चढवला पब्लिक स्कूलांनी. नावात पब्लिक, फी मात्र पब्लिकच्या आवाक्याबाहेरची. रग्बी नावाच्या शाळेचे हेडमास्तर थॉमस अर्नोल्ड यांनी मुलांकडून काय हवं याचा क्रम लावला होता: आधी धर्म आणि नीती, मग जंटलमनची वागणूक, आणि बुद्धी तिसरी. त्या काळात सगळ्यांत जास्त उद्धृत झालेली व्याख्या कार्डिनल न्यूमन यांची. डब्लिनच्या कॅथलिक विद्यापीठासाठी 1852 मध्ये लिहिलेल्या व्याख्यानांत ते म्हणतात, जो कुणालाही दुखवत नाही तो जंटलमन, ही जवळजवळ व्याख्याच म्हणता येईल. वाक्य सुरेख आहे. पण त्याच न्यूमननी त्याच व्याख्यानांत बजावलं होतं की ही सगळी सभ्यता एखाद्या बदफैली किंवा निष्ठुर माणसाच्या अंगीही असू शकते. ती सदसद्विवेकाची हमी नव्हे. तो भाग कुणी उद्धृत करत नाही. आणि हे ज्या डब्लिनसाठी लिहिलं गेलं, त्या आयर्लंडात बटाट्याच्या दुष्काळाने सुमारे दहा लाख माणसं मेली त्याला तेव्हा मोजकी वर्षं लोटली होती. दुष्काळातही आयर्लंडातून धान्याची जहाजं इंग्लंडला जात होती. कुणी कुणाला समोरासमोर दुखवलं नाही.

या व्यवस्थेची सगळ्यांत बोचरी हजेरी डिकन्सने ‘ग्रेट एक्स्पेक्टेशन्स’मध्ये घेतली आहे. लोहाराच्या घरात वाढलेला पिप अज्ञात माणसाच्या पैशावर लंडनमध्ये जंटलमन होतो, आणि त्याला वाढवणारा लोहार, ‘जो’ त्याचं नाव, त्याला भेटायला येतो. हा ‘जो’ आपली हॅट कुठे ठेवावी या विवंचनेत पडतो. शेवटी शेकोटीवरच्या फळीच्या कडेला ती टेकवतो, तिथून ती सारखी घसरते, हा पुन्हा पुन्हा झेलतो, पुन्हा ठेवतो. पिपला मेल्याहून मेल्यासारखं होतं. पैसे देऊन जोला टाळता आलं असतं तर मी दिले असते, असं तो नंतर कबूल करतो. आणि पुढे कळतं की हे पैसे मुळात ऑस्ट्रेलियात हद्दपार झालेल्या एका कैद्याच्या मेहनतीचे आहेत. पिपच्या स्वच्छ हातांची किंमत दुसऱ्या कुणाच्या तरी हातांनी मोजलेली असते.

पण माझ्या म्हणण्याचा खरा पुरावा क्रिकेटमध्ये आहे, आणि मराठी वाचकाला तो समजावून सांगायचीही गरज नाही.

1806 पासून 1962 पर्यंत इंग्लंडात ‘जंटलमेन विरुद्ध प्लेअर्स’ असा सामना होत असे. जंटलमेन म्हणजे हौशी, प्लेअर्स म्हणजे पैसे घेऊन खेळणारे धंदेवाईक. कपडे बदलायच्या खोल्या वेगळ्या, बऱ्याच मैदानांवर आत यायची फाटकंही वेगळी. धावफलकाच्या छापील कार्डावर हौशी खेळाडूची आद्याक्षरं आडनावाच्या आधी, धंदेवाइकाची आडनावानंतर. लॉर्ड्सच्या ध्वनिक्षेपकावरून एकदा गंभीरपणे दुरुस्ती सांगण्यात आली की कार्डावर ‘एफ. जे. टिटमस’ असं छापलंय ते ‘टिटमस, एफ. जे.’ असं वाचावं. फ्रेड टिटमस धंदेवाईक होता ना!

हौशी खेळाडू पैशाला शिवत नसत, हे मात्र कुणी खरं मानू नये. डॉक्टर डब्ल्यू. जी. ग्रेस हे हौशींचे शिरोमणी. 1873-74 च्या ऑस्ट्रेलिया दौऱ्यासाठी त्यांनी खर्चाव्यतिरिक्त दीड हजार पौंड घेतले. त्याच दौऱ्यात धंदेवाइकांच्या हाती आला त्याचा जेमतेम दहावा हिस्सा. ग्रेस तरीही हौशीच राहिले, कारण हौस म्हणजे पैसे न घेणं नव्हे, पैशाची गरज नसल्यासारखं दिसणं. आणि इंग्लंडचा कर्णधार हौशीच असला पाहिजे, हा तर धर्मच. धंदेवाईक कर्णधाराचा दिवस देवाने न दाखवावा, अशी प्रार्थना लॉर्ड हॉक यांनी 1925 मध्ये जाहीरपणे केली होती. 1952 मध्ये लेन हटनला नेमलं तेव्हा कुठे तो सोवळेपणा सुटला.

आता 1932-33 चा ऑस्ट्रेलिया दौरा बघा. कर्णधार डग्लस जार्डिन. जन्म मुंबईत मलबार हिलवर, वडील इथे बॅरिस्टर, शिक्षण विंचेस्टर आणि ऑक्सफर्ड. डोक्यावर ऑक्सफर्डच्या हार्लेक्विन क्लबाची टोपी. डॉन ब्रॅडमनला रोखायचं म्हणून त्याने बॉडीलाइन काढली, जिला आपण शरीरवेधी गोलंदाजी म्हणतो: लेग साइडला क्षेत्ररक्षकांचं कोंडाळं आणि फलंदाजाच्या बरगड्यांवर वेगवान आखूड चेंडू. हत्यार होतं हॅरॉल्ड लारवुड. नॉटिंगहॅमशायरच्या कोळसा पट्ट्यातला, चौदाव्या वर्षी खाणीत तट्टांबरोबर राबू लागलेला, अर्थातच धंदेवाईक.

जानेवारी 1933 मध्ये अ‍ॅडलेडला लारवुडचा चेंडू ऑस्ट्रेलियाचा कर्णधार बिल वुडफुलच्या छातीवर, हृदयापाशी बसला. तो कळवळत असताना जार्डिनने सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हटलं, ‘वेल बोल्ड, हॅरॉल्ड.’ दिवसाच्या शेवटी इंग्लंडचे मॅनेजर विचारपूस करायला गेले तेव्हा वुडफुलने सुनावलं की मैदानावर दोन संघ आहेत, त्यांतला एकच क्रिकेट खेळतोय.

त्या संघात आणखी एक वेगवान गोलंदाज होता, गबी अ‍ॅलन. ईटन आणि केंब्रिजचा, हौशी. जार्डिनने त्यालाही असेच चेंडू टाकायला सांगितलं. अ‍ॅलनने साफ नकार दिला: मी असं क्रिकेट खेळत नाही. झालं काय? काहीच नाही. तो संघात राहिला, त्याने मालिकेत 21 बळी घेतले, पुढे इंग्लंडचा कर्णधार झाला, म्हातारपणी सर झाला. पतौडीचे नवाबही त्या दौऱ्यावर होते. पहिल्याच कसोटीत त्यांनी शतक ठोकलं, पण लेग साइडच्या त्या कोंडाळ्यात उभं राहायला नकार दिला. जार्डिनने टोमणा मारला आणि दुसऱ्या कसोटीनंतर त्यांना बसवलं. म्हणजे नाही म्हणायची किंमत हौशीलाही पडू शकत होती, विशेषतः तो काळा असेल तर. पण नवाबांच्या घरची चूल त्यामुळे विझली नाही.

लारवुड नाही म्हणू शकला असता का? कर्णधाराचा शब्द मोडला तर काउंटीचा करार जाणार, आणि करार गेला तर खाण. त्याने हुकूम पाळला आणि 33 बळी घेतले. मग ऑस्ट्रेलियाशी संबंध बिघडतील या भीतीने 1934 मध्ये त्याला सांगण्यात आलं की इंग्लंडच्या क्रिकेटचा कारभार पाहणाऱ्या एमसीसी क्लबाला माफीपत्र लिहून दे. तो म्हणाला, मी कर्णधाराने सांगितलं ते केलं, माफी कसली मागू? त्याने सही केली नाही. इंग्लंडकडून तो पुन्हा कधीही खेळला नाही. जार्डिन मात्र मधल्या काळात, डिसेंबर 1933 मध्ये, भारताच्या भूमीवरल्या पहिल्या कसोटीत इंग्लंडचं नेतृत्व करत होता. सामना त्याच्या जन्मगावी, मुंबईत, जिथे सदस्यत्व गोऱ्यांपुरतंच होतं त्या बॉम्बे जिमखान्यावर.

या सगळ्या प्रकरणात जंटलमनसारखं कोण वागलं? अ‍ॅलन वागला, पण त्याला ते स्वस्तात पडलं. माझ्या मते सगळ्यांत महाग जंटलमनगिरी त्या खाणकामगाराने केली: दुसऱ्यावर दोष ढकलला नाही, न केलेल्या गुन्ह्याची माफी मागितली नाही, आणि तोंड मिटून घरी बसला. (मिटून म्हणजे फार काळ नाही, वर्तमानपत्रात एक लेख ठोकलाच. ठोकावाच.)

हाच खेळ पुण्यात आला तेव्हा त्याला जोडायला आपली भिंत तयारच होती. पाळवणकर बाळू पुण्यातल्या गोऱ्यांच्या क्लबात महिना चार रुपयांवर रोलर ओढत, नेट बांधत आणि साहेबांना सरावासाठी चेंडू टाकत. डावखुरे फिरकी गोलंदाज, जातीने चांभार. फलंदाजीचा सराव त्यांना मिळे ना. बॅट धरणं हे साहेबांचं काम. पुढे पुण्याच्या हिंदू संघाने त्यांना घेतलं, कारण गोऱ्यांना हरवायचं होतं. मैदानावर चेंडू त्यांच्या हातून ब्राह्मण खेळाडूंच्या हाती खुशाल जाई; चहाच्या वेळी मात्र बाळूंना बाहेर, मातीच्या भांड्यात. 1911 च्या इंग्लंड दौऱ्यात त्यांनी शंभराहून जास्त बळी घेतले. हिंदू संघाचं कर्णधारपद त्यांना कधीच मिळालं नाही. ते 1923 मध्ये त्यांचे भाऊ विठ्ठल यांना मिळालं. ‘फलंदाज जंटलमन, गोलंदाज मजूर’ ही इंग्लंडची वाटणी आपल्या मातीत किती चटकन रुजली, ते बघा.

आणि याहून अवघड प्रकरण गोपाळ कृष्ण गोखल्यांचं. 1897 साली ते हिंदुस्थानच्या सरकारी खर्चाची चौकशी करणाऱ्या वेल्बी कमिशनपुढे साक्ष द्यायला लंडनला गेले, वय तीस. इकडे पुण्यात प्लेग, आणि प्लेगहून धास्ती प्लेगच्या बंदोबस्ताची. गोरे सोल्जर माजघरापर्यंत शिरून तपासणी करत. पुण्याहून आलेल्या पत्रांच्या भरवशावर गोखल्यांनी ‘मँचेस्टर गार्डियन’ला सांगितलं की सोल्जरांनी दोन स्त्रियांवर अत्याचार केला आणि त्यांतल्या एकीने जीव दिला. पार्लमेंटात गदारोळ झाला. सरकारने पुरावा मागितला. पुढे यायला कुणी तयार होईना, आणि पत्रं लिहिणाऱ्यांची नावं गोखल्यांनी सांगितली नाहीत. मुंबईत उतरल्यावर थोड्याच दिवसांत त्यांनी गव्हर्नर, प्लेगचे अधिकारी आणि सोल्जर या सगळ्यांची जाहीर, बिनशर्त माफी मागितली. त्याच सुमारास टिळकांवर राजद्रोहाचा खटला चालू होता. गोखल्यांची किती छी-थू झाली असेल याची कल्पना करा. ‘मवाळ’ या शब्दाला तो वास पुढे कायमचा चिकटला.

जंटलमनच्या संहितेतला एकही नियम गोखल्यांनी मोडला नव्हता. मित्रांचं गुपित राखलं, सिद्ध करता न येणारा आरोप मागे घेतला, चूक चारचौघांत कबूल केली. मला त्यांच्याविषयी आदर आहे, आणि तरीही ती माफी वाचताना जीव कासावीस होतो. आरोप मागे घेणं वेगळं. सोल्जरांची माफी मागणं वेगळं. पुण्यातल्या वाड्यातली कोणती बाई 1897 साली साहेबापुढे उभी राहून, नाव-गाव सांगून, सोल्जराने काय केलं याची साक्ष देणार होती? पुरावा आण नाहीतर माफी माग, हा नियम कागदावर दोघांना सारखा. पण पुरावा जमवायची यंत्रणा, पोलीस, कोर्ट, सगळं एकाच बाजूचं. गोखले जंटलमन राहिले आणि त्याचा खर्च त्या दोन निनावी बायकांच्या खात्यावर पडला.

मग हा आदर्श टाकाऊ होता का? इतकं सोपं असतं तर दादाभाई नौरोजींनी आपल्या 1901 च्या ग्रंथाच्या नावातच इंग्रजी राजवटीला ‘अन-ब्रिटिश’ म्हटलं नसतं. साहेबाला साहेबाच्याच मापाने मोजायचं, हे त्यांचं हत्यार होतं, आणि ते चालायचं, कारण साहेबाला थोडीतरी लाज होती. आपल्यात म्हणतात, जनाची नाही तर मनाची तरी. जंटलमनची संहिता ही मनाची लाज होती. 1963 मध्ये युद्धमंत्री जॉन प्रोफ्यूमो यांनी सभागृहात खोटं बोलल्याचं कबूल करून राजीनामा दिला, आणि उरलेलं आयुष्य पूर्व लंडनमधल्या टॉयन्बी हॉल या सेवासंस्थेत भांडी घासण्यापासून सगळी कामं करत घालवलं. आज राजीनामा सोडा, नुसतं ‘चुकलं’ म्हणणारा मंत्री दाखवा, असं कुणी म्हटलं तर मी गप्प बसेन.

पण मनाची लाज ज्याला नाही त्याचं काय करायचं, याचं उत्तर या संहितेपाशी नव्हतं. उलट ती अशा माणसाला आडोसा देत असे. किम फिल्बी याचं ठळक उदाहरण. वेस्टमिन्स्टर शाळा, केंब्रिज, वडील हिंदुस्थानात आयसीएस अधिकारी, जन्म अंबाल्याचा. 1934 पासून तो सोव्हिएत हेरखात्यासाठी काम करत होता. ब्रिटिश गुप्तहेर खात्यात त्याला घेताना एका वरिष्ठाची शिफारस पुरली: मी त्याच्या घरच्यांना ओळखतो. घरचे, म्हणजे पुन्हा तेच, कुळ. 1955 मध्ये परराष्ट्रमंत्र्यांनी पार्लमेंटात त्याला निर्दोष ठरवलं आणि 1963 च्या जानेवारीत तो बैरूतहून मॉस्कोला पळाला. खाणकामगाराच्या पोराची इतक्या सहज कुणी हमी घेतली असती का?

इंग्लंडची राज्यघटना एका पुस्तकात लिहिलेली नाही. ती बरीचशी संकेतांवर चालते, आणि ते संकेत पाळणारी ‘भली माणसं’च सत्तेवर येतील या गृहीतावर. इतिहासकार पीटर हेनेसी यांनी याला ‘गुड चॅप’ सिद्धांत असं मिस्कील नाव दिलं. 2019 मध्ये ईटनचाच विसावा पंतप्रधान, बोरिस जॉन्सन, आला आणि गृहीत उघडं पडलं. पार्लमेंट तहकूब करण्याचा त्याचा सल्ला बेकायदा असल्याचं सर्वोच्च न्यायालयाच्या अकराही न्यायाधीशांनी एकमताने सांगितलं. मंत्र्यांची आचारसंहिता मोडली की नाही याचा शेवटचा निवाडा पंतप्रधानांच्याच हातात. म्हणून सल्लागाराने ठपका ठेवूनही गृहमंत्री प्रीती पटेल राहिल्या आणि सल्लागार गेले. शेवटी कोविड काळातल्या पार्टीबद्दल पोलिसांनी दंड केला. पदावर असताना कायदा मोडल्याची शिक्षा झालेला हा पहिला पंतप्रधान. जिथे कायदा लिहिलेला होता तिथेच काहीतरी हाताला लागलं, हे ध्यानात घ्या.

हे आपल्याकडे एका माणसाने सत्तर वर्षं आधी ओळखलं होतं. ज्या महूत ओट्सची पलटण होती, त्याच महूच्या छावणीत 1891 मध्ये एका महार सुभेदाराच्या घरी भीमराव आंबेडकर जन्मले. लंडनच्या ग्रेज इन या वकिलांच्या संस्थेतून ते बॅरिस्टर झाले. जंटलमनांचा क्लब आतून आणि बाहेरून, दोन्हीकडून त्यांनी पाहिला होता. 4 नोव्हेंबर 1948 रोजी घटना समितीत मसुदा मांडताना त्यांच्यावर टीका होती की प्रशासनाचे बारीकसारीक तपशील घटनेत कशाला कोंबलेत? आंबेडकरांचं उत्तर असं की घटनात्मक नीतिमत्ता ही उपजत भावना नाही, ती जोपासावी लागते. आपल्या लोकांना ती अजून शिकायची आहे. इथली लोकशाही म्हणजे मुळात लोकशाहीविरोधी असलेल्या जमिनीवर पसरलेला वरवरचा थर आहे. तेव्हा सभ्यतेवर सोडू नका, लिहून ठेवा. हे गृहस्थ आयुष्यभर कडक इस्त्रीचा सूट घालत, पण सूटावर ते कधी विसंबून राहिले नाहीत. अर्थात वर्षभराने तेच म्हणाले की राबवणारी माणसं वाईट निघाली तर चांगली घटनाही वाईट ठरेल. म्हणजे मनाची लाज लागतेच. पण मला विचाराल तर आधी कागद.

कागद कुठे कोरा राहिला की काय होतं, ते महाराष्ट्राने पाहिलं. विधान परिषदेवर राज्यपालांनी नेमायच्या बारा आमदारांची यादी मंत्रिमंडळाने नोव्हेंबर 2020 मध्ये पाठवली. किती दिवसांत निर्णय घ्यायचा हे घटनेत लिहिलेलं नाही. शिष्टाचाराने घेतील असं गृहीत. ऑगस्ट 2021 मध्ये उच्च न्यायालयाने वाजवी मुदतीची जाणीव करून दिली. जून 2022 मध्ये सरकार पडलं तरी यादी तशीच. यात राजकारणाने कोण बरोबर होतं ते ज्याने त्याने ठरवावं. आंबेडकरांनी जे थोडे रकाने शिष्टाचारावर सोडले, नेमके तेच रकाने दीड वर्षाहून जास्त काळ रिकामे राहिले एवढं खरं. आणि तरीही कुणी मुदत घालायची गोष्ट काढली की ‘घटनात्मक पदांवर अविश्वास दाखवू नका’ असं सांगणारे जंटलमन पुढे येतातच.

लारवुड नंतर ब्लॅकपूलला गोळ्या-चॉकलेटांचं छोटं दुकान चालवत होता. दुकानावर स्वतःचं नाव लावायचीही त्याची तयारी नव्हती. 1950 मध्ये तो बायको-मुलींसह ऑस्ट्रेलियाला कायमचा राहायला गेला, ज्यांच्या बरगड्यांवर चेंडू टाकले त्यांच्याच देशात. योगायोग असा की जहाज तेच ‘ऑरॉन्टीस’, जे 1932 मध्ये जार्डिनचा संघ घेऊन गेलं होतं. सामानात एक चांदीचा अ‍ॅशट्रे होता, त्या दौऱ्यानंतर कर्णधाराने दिलेला. त्यावर कोरलं होतं: ‘हॅरॉल्डला, अ‍ॅशेसबद्दल, 1932-33. कृतज्ञ कर्णधाराकडून.’